साडेनऊ हजार किलोमीटर फिरून परतलेला कचरा : ‘मोब्रो ४०००’ या बार्जचे प्रकरण

२२ मार्च १९८७ रोजी ‘ब्रेक ऑफ डॉन’ नावाची टग बोट न्यूयॉर्क बंदरातून दक्षिणेकडे निघाली. तिच्यामागे ‘मोब्रो ४०००’ हा सपाट, उघडा बार्ज ओढला जात होता आणि त्यावर सुमारे ३,१०० टन कचरा गासड्या बांधून थरावर थर रचलेला होता. (या लेखातील टन हा अमेरिकी टन आहे, तो सुमारे ९०७ किलोंचा असतो.) हा माल नॉर्थ कॅरोलायना राज्यातील मोरहेड सिटी येथे उतरायचा होता, म्हणजे प्रवास काही दिवसांचाच होता. प्रत्यक्षात तो बार्ज सहा राज्यांचे आणि तीन देशांचे नकार पचवत मध्य अमेरिकेतील बेलीझ देशाच्या समुद्रापर्यंत गेला, सुमारे ६,००० मैल, म्हणजे साडेनऊ हजार किलोमीटरांहून अधिक अंतर कापून त्याच बंदरात परतला आणि पुढचा सारा उन्हाळा तिथे नांगर टाकून उभा राहिला. शेवटी तो कचरा न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागातील भट्टीत जाळण्यात आला, आणि ज्या आयस्लिप नगराने तो आपल्या क्षेपणभूमीत घेण्यास नकार दिला होता, त्याच नगराच्या क्षेपणभूमीत त्याची राख पुरण्यात आली.

कचऱ्याच्या इतिहासात याहून मोठे आणि याहून विषारी प्रसंग पुष्कळ आहेत. तरीही अभ्यासासाठी मी हे प्रकरण निवडले, कारण यात काही फुटले नाही, कोणी दगावले नाही, कोणती रसायने नदीत मिसळली नाहीत. दुकाने, कचेऱ्या आणि कारखाने रोज जे बाहेर टाकतात तेच थोडे बार्जवर होते, आणि त्याला उतरायला जागा मिळाली नाही, एवढेच घडले. असाधारण काही नसल्यामुळेच या प्रसंगात विल्हेवाटीच्या उद्योगाचे रोजचे काम उघडे पडते. हा उद्योग ज्याचे पैसे घेतो ती सेवा मुख्यतः कचरा नजरेआड करण्याची आहे, आणि वस्तू एकदा वापरून फेकण्याची सवय त्या सेवेच्या भरवशावरच टिकून आहे, असे माझे मत हे प्रकरण वाचताना पक्के होत गेले. त्या मताची कारणे पुढे ओघात येतील.

आयस्लिपला कचरा नकोसा का झाला

आयस्लिप हे न्यूयॉर्क शहराच्या पूर्वेस पसरलेल्या लाँग आयलंड या बेटावरील, सफोक काउंटीतील नगर आहे. या बेटावरील बहुतांश लोक पिण्यासाठी जमिनीखालचेच पाणी वापरतात. जमीन हिमयुगात साठलेल्या वाळूची आणि खडीची असल्यामुळे वर पडलेला पाऊस सहज खाली मुरतो, आणि वर कचरा पुरलेला असेल तर त्यातून झिरपणारे काळपट, आम्लयुक्त पाणीही तितक्याच सहजतेने खाली जाते. दुसऱ्या महायुद्धानंतर या बेटावर उपनगरे झपाट्याने वाढली, त्यांचा कचरा जुन्या खाणींमध्ये आणि खड्ड्यांमध्ये भरला गेला, आणि काही दशकांनी विहिरींच्या पाण्यात त्याचे परिणाम दिसू लागले. म्हणून न्यूयॉर्क राज्याने १९८३ मध्ये कायदा करून, लाँग आयलंडवर कच्चा, प्रक्रिया न केलेला कचरा पुरणे १९९० पर्यंत टप्प्याटप्प्याने बंद करण्याचे ठरवले.

हा कायदा योग्यच होता. त्याने खड्डे बंद करण्याची तारीख ठरवली, पण त्या खड्ड्यांकडे रोज येणारा प्रवाह कमी करण्याबाबत तो जवळपास काहीच बोलत नव्हता. आयस्लिपच्या क्षेपणभूमीत उरलेली जागा थोडी होती. नगराने ती घरोघरच्या कचऱ्यासाठी राखून ठेवली आणि व्यापारी कचरा घेणे थांबवले. दुकाने आणि कचेऱ्या मात्र चालूच राहिल्या, त्यांचा कचरा उचलणाऱ्या खासगी वाहतूकदारांची वाहने रोज भरतच राहिली, आणि ती रिकामी करण्याचे सर्वांत जवळचे ठिकाण बंद झाले.

या अडचणीत लोवेल हॅरल्सन या अलाबामातील व्यावसायिकाला संधी दिसली. दक्षिणेकडील राज्यांत जमीन स्वस्त होती आणि कचरा पुरण्याचे दरही न्यूयॉर्कपेक्षा पुष्कळ कमी होते. जड आणि कमी मोलाचा माल दूर नेण्याचा सर्वांत स्वस्त मार्ग म्हणजे पाणी. तेव्हा कचरा यंत्राने दाबून त्याच्या गासड्या बांधायच्या, बार्जवर रचून दक्षिणेला न्यायच्या, तिथे पुरायच्या आणि कुजताना निघणारा वायू गोळा करून विकायचा, अशी ही योजना होती. हवा न मिळता सेंद्रिय पदार्थ कुजले की जो वायू बनतो, त्यात साधारण निम्मा मिथेन असतो आणि तो जाळून वीज करता येते. ही कल्पना खुळचट नव्हती. आज जगभरच्या अनेक क्षेपणभूमींवर असा वायू गोळा केला जातो. दोष वेगळ्या जागी होता. माल घेणाऱ्या राज्याची परवानगी पदरात पडण्याआधीच बार्ज निघाला होता. एकदा माल दारात पोहोचला की कोणी ना कोणी तो ठेवून घेईल, ही समजूत या धंद्यात फार जुनी आहे.

नकारांची मालिका

मोरहेड सिटीच्या धक्क्यावर बार्ज पोहोचला तेव्हा सुरुवातीला फारसे कोणाचे लक्ष गेले नाही. मग एका स्थानिक दूरचित्रवाणी वाहिनीला कुणकुण लागली, तिच्या बातमीदारांनी हेलिकॉप्टरमधून बार्जचे चित्रण केले, आणि १ एप्रिलच्या संध्याकाळच्या बातम्यांत न्यूयॉर्कचा कचरा आपल्या किनाऱ्याला लागल्याचे नॉर्थ कॅरोलायनातील घराघरांत दिसले. राज्याच्या अधिकाऱ्यांनी तपासणी सुरू केली. गासड्यांमध्ये एक बेडपॅन दिसल्याने, हा रुग्णालयातला, रोगजंतूंनी भरलेला कचरा असावा असा संशय पसरला. राज्याने बार्जला निघून जाण्याचा आदेश दिला.

या एका बेडपॅनपाशी थोडे थांबणे आवश्यक वाटते. ३,१०० टनांच्या ढिगात दिसलेल्या त्या एका भांड्यामुळे काही रोगजंतूंचा साठा सिद्ध होत नव्हता. परंतु बघणाऱ्यांच्या दृष्टीने त्या वस्तूने सगळा ढीग माणसांशी जोडला. तोवर तो ‘माल’ होता. त्या क्षणापासून तो कुणाच्या तरी शरीराजवळून आलेला, अनोळखी लोकांचा उकिरडा झाला. पुढच्या प्रत्येक बंदरात बार्जच्या आधी त्याची कीर्ती पोहोचत गेली. लुइझियाना, अलाबामा, मिसिसिपी, टेक्सास आणि फ्लोरिडा या राज्यांनी नकार दिला. मेक्सिकोच्या नौदलाने बार्जला आपल्या सागरी हद्दीत येऊ दिले नाही. बेलीझ आणि बहामाज यांनीही दारे बंद केली.

येथे एक कायदेशीर बाब लक्षात घेण्यासारखी आहे. परराज्यातील कचरा केवळ परका आहे म्हणून अडवता येणार नाही, असा निकाल अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये फिलाडेल्फिया विरुद्ध न्यू जर्सी या खटल्यात दिलेला होता. कचरा हीसुद्धा व्यापाराची वस्तू आहे आणि राज्याराज्यांतील व्यापार राज्यांना मनमानीने रोखता येत नाही, असे त्यामागील सूत्र होते. म्हणजे १९८७ मध्ये कायद्याच्या नजरेने त्या गासड्या सर्वसाधारण मालासारख्याच होत्या. पण व्यापाराच्या इतर कोणत्याही वस्तूला गिऱ्हाईक असते आणि ती घेणारा पैसे मोजतो. इथे माल देणाराच पैसे मोजत होता, आणि तरीही घेणारा मागे सरत होता. कोणत्याही राज्याला उघडपणे ‘परक्यांचा कचरा नको’ असे म्हणण्याची गरजच पडली नाही. परवाने, तपासण्या आणि आरोग्याविषयीच्या शंका एवढ्यावर काम भागले.

मे महिन्याच्या मध्यावर बार्ज न्यूयॉर्कला परतला. तिथे तर त्याचा स्वीकार व्हायला हवा होता. पण क्वीन्स या शहराच्याच एका भागाच्या प्रशासनाने न्यायालयातून मनाई हुकूम मिळवला, आयस्लिप, न्यूयॉर्क शहर आणि राज्य सरकार यांच्यात जबाबदारीवरून ओढाताण सुरू झाली, आणि बार्ज ब्रुकलिनजवळच्या खाडीत उभा राहिला. ग्रीनपीसच्या कार्यकर्त्यांनी गासड्यांवर चढून ‘पुढच्या वेळी पुनर्चक्रीकरण करून पाहा’ अशा अर्थाचा मोठा फलक लावला. पूर्ण तपासणी झाल्यावर हा कचरा साधाच असल्याचे निष्पन्न झाले. ऑक्टोबरपर्यंत तो ब्रुकलिनच्या भट्टीत जाळून झाला. उरलेली राख चारशे टनांच्या थोडी वर भरली आणि ती आयस्लिपला परत गेली.

त्या गासड्यांत होते तरी काय

बार्जवरील मालाचा मोठा भाग कागद आणि पुठ्ठा होता. वस्तू दुकानापर्यंत सुखरूप येण्यासाठी जे वेष्टन वापरले जाते आणि पोहोचताक्षणी जे निरुपयोगी ठरते, तेच बहुतेक ठिकाणच्या व्यापारी कचऱ्यात भरलेले असते. खोका उघडला की त्याचे आयुष्य संपले, आणि उघडायला लागतात दहा सेकंद. त्यासाठी झाड तोडले गेलेले असते, लगदा शिजवला गेलेला असतो, आणि छपाई, घडी, वाहतूक हे सगळे झालेले असते.

आता प्रमाण पाहू. १९९० मध्ये अमेरिकेत नागरी घनकचरा सुमारे २० कोटी ८० लाख टन निर्माण झाला, असे तेथील पर्यावरण संरक्षण संस्थेचे आकडे सांगतात. वर्षातील मिनिटांनी त्याला भागले तर मिनिटाला जवळपास ४०० टन येतात. म्हणजे ज्या बार्जने एका देशाला कित्येक महिने बोलते केले, त्यावर त्या देशाचा आठ मिनिटांचाही कचरा नव्हता.

दुसरा हिशेब मला अधिक बोलका वाटतो. न्यूयॉर्क बंदराच्याच पलीकडे, स्टेटन आयलंडवर, फ्रेश किल्स ही क्षेपणभूमी होती. ती १९४८ मध्ये सुरू झाली होती आणि १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात तिथे दिवसाला २९,००० टनांपर्यंत कचरा येत होता. मोब्रोवरचा सगळा माल तिने अडीच-पावणेतीन तासांत पोटात घेतला असता. शिवाय फ्रेश किल्सला येणारा कचरा बार्जमधूनच येत असे. शहरातील धक्क्यांवर कचऱ्याच्या गाड्या थेट बार्जमध्ये रिकाम्या होत आणि ते बार्ज रोज त्याच बंदराच्या पाण्यातून स्टेटन आयलंडकडे ओढले जात. मोब्रो खाडीत उभा असताना, त्याच्यावर जगभरचे कॅमेरे रोखलेले असताना, कचऱ्याचे हे दुसरे बार्ज नेहमीसारखे ये-जा करत होते आणि त्यांची बातमी कोणी देत नव्हते. त्यांना पत्ता होता. मोब्रोला पत्ता नव्हता, म्हणून तो दिसला.

म्हणूनच ‘अमेरिकेत कचऱ्याला जागा उरली नाही’ असा जो अर्थ त्या काळी या घटनेतून काढला गेला, तो मला अपुरा वाटतो. त्या देशात जमीन भरपूर होती आणि आजही आहे. तुटवडा होता तो संमतीचा. कोणत्याही वस्तीला कचरा आपल्या शेजारी नको होता, आणि प्रत्येकाने तो निर्माण मात्र केला होता.

क्षेपणभूमीच्या पोटात कचऱ्याचे पुढे काय होते, हेही याच काळात तपशिलाने समजले. ॲरिझोना विद्यापीठातील पुरातत्त्वज्ञ विल्यम रॅथजे आणि त्यांचे विद्यार्थी १९७३ पासून ताज्या कचऱ्याचा अभ्यास करत होते. १९८७ पासून त्यांनी क्षेपणभूमीच खणायला घेतल्या आणि पुढे फ्रेश किल्समध्येही ड्रिल लावले. प्राचीन वस्तीचे थर तपासावेत तसे त्यांनी कचऱ्याचे थर वेगळे केले, तोलले, मोजले. खणून काढलेल्या कचऱ्यात आकारमानाने सर्वांत मोठा वाटा कागदाचा, ४० टक्क्यांहून अधिक होता. डायपर आणि फास्ट फूडची वेष्टने यांच्याविषयी लोकांना जेवढा राग होता, त्यामानाने त्यांचा वाटा एक-दोन टक्क्यांच्याच घरात निघाला. सर्वांत विचार करायला लावणारी गोष्ट म्हणजे वर्तमानपत्रे. कित्येक दशकांपूर्वी पुरलेली वर्तमानपत्रे सुस्थितीत निघाली. त्यांवरची तारीख आणि मथळे वाचता येत होते, आणि त्या तारखेवरूनच आजूबाजूच्या थराचे वय ठरवले जात होते. दाबून, मातीने झाकून, कोरड्या ठेवलेल्या ढिगात हवा आणि पाणी पुरेसे नसते, त्यामुळे कुजणे अतिशय मंद होते. पुरलेली वस्तू नाहीशी होते, ही समजूत त्या वर्तमानपत्रांनी खोटी ठरवली. ती वस्तू तिथेच असते, तारखेसकट.

फेकण्याची सवय लावली गेली

या प्रकरणावर त्या वेळी झालेल्या चर्चेत बार्ज कोणाचा, कंत्राट कोणाचे, परवानगी कोणाची, हेच प्रश्न मुख्य होते. बार्जवर चढवण्याजोगे इतके साहित्य मुळात तयार का होते, हा प्रश्न मागे राहिला. त्याचे उत्तर शोधायला तीसेक वर्षे मागे जावे लागते.

दुसऱ्या महायुद्धात प्लास्टिक, ॲल्युमिनियम आणि कागद यांची उत्पादनक्षमता प्रचंड वाढली होती. युद्ध संपल्यावर त्या क्षमतेला कायमचे गिऱ्हाईक हवे होते. टिकाऊ वस्तू एकदा विकली की गिऱ्हाईक वर्षानुवर्षे परत येत नाही. फेकून देण्याची वस्तू विकली की ते दुसऱ्या दिवशी परत येते. ऑगस्ट १९५५ मध्ये ‘लाइफ’ या अमेरिकी नियतकालिकाने या नव्या राहणीचे कौतुक करणारा सचित्र मजकूर छापला. त्यातील छायाचित्रात एक कुटुंब हात उंचावून उभे आहे आणि त्यांच्या डोक्यावरून ताटल्या, पेले, चमचे, डायपर हवेत उधळलेले आहेत. या सगळ्या वस्तू धुवायला ४० तास लागले असते, पण आता गृहिणीला ती चिंता उरली नाही, असे सोबत म्हटले होते. त्या चित्रातील वस्तू वर उडालेल्या दिसतात. खाली कुठे पडल्या ते चित्रात नाही. पुढच्याच वर्षी, १९५६ मध्ये, वेष्टन उद्योगाच्या एका नियतकालिकाचे संपादक लॉइड स्टूफर यांनी प्लास्टिक उत्पादकांच्या परिषदेत सांगितले की प्लास्टिकचे भवितव्य कचऱ्याच्या डब्यात आहे. हा इशारा नव्हता, धंद्याचा सल्ला होता.

हे निमूटपणे स्वीकारले गेले असेही नाही. व्हरमाँट राज्याने १९५३ मध्येच परत न घेतल्या जाणाऱ्या बिअरच्या बाटल्यांवर बंदी घातली होती, कारण रस्त्याकडेला फेकलेल्या बाटल्यांच्या काचांचा शेतकऱ्यांना आणि त्यांच्या जनावरांना त्रास होत होता. त्याच वर्षी डबे आणि बाटल्या बनवणाऱ्या कंपन्यांच्या पुढाकाराने ‘कीप अमेरिका ब्यूटिफुल’ ही संस्था स्थापन झाली. तिच्या प्रचाराचा रोख कचरा इतस्ततः फेकणाऱ्या बेशिस्त माणसावर होता. बाटली परत घेण्याची व्यवस्था कोणी मोडली, हा प्रश्न त्या प्रचारात नव्हता. व्हरमाँटची बंदी १९५७ मध्ये मुदत संपून गेली आणि तिचे नूतनीकरण झाले नाही. परत येणारी बाटली ही उत्पादकाची मालमत्ता असते, म्हणून ती सांभाळायची जबाबदारीही त्याची असते. न परतणारी बाटली विकली गेल्या क्षणापासून गिऱ्हाइकाची, आणि रिकामी होताच नगरपालिकेची होते. बार्जवरचा कचरा नेमका कुणाचा, हा १९८७ चा वाद या बदलातूनच आला आहे. ज्यांनी ते खोके आणि ती वेष्टने बनवली, त्यांचे नाव त्या वादात एकदाही पुढे आले नाही, आणि मला ही या प्रकरणातील सर्वांत गंभीर बाब वाटते.

१९६० मध्ये अमेरिकेतील नागरी कचरा ८ कोटी ८० लाख टन होता, म्हणजे माणशी दिवसाला साधारण १.२ किलो. १९९० मध्ये हे प्रमाण माणशी २ किलोंच्या वर गेले.

बार्जनंतर

घटनेचे परिणाम वेगाने दिसले. बार्ज भटकत असतानाच, एप्रिल १९८७ मध्ये, न्यू जर्सीने राज्यभर कचऱ्याचे वर्गीकरण आणि पुनर्चक्रीकरण सक्तीचे करणारा कायदा केला. त्या कायद्याची तयारी आधीपासून चालू होती, पण बार्जच्या बातम्यांनी त्याला अनुकूल हवा मिळाली. न्यूयॉर्क शहराने १९८९ मध्ये सक्तीचे पुनर्चक्रीकरण आणले. त्याच वर्षी देशाच्या पर्यावरण संरक्षण संस्थेने कचऱ्यातील २५ टक्के वाटा उगमाशीच घट आणि पुनर्चक्रीकरण यांद्वारे १९९२ पर्यंत कमी करण्याचे उद्दिष्ट मांडले. पुनर्चक्रीकरण आणि खतनिर्मिती यांकडे वळवलेला कचरा १९८० मध्ये एकूण कचऱ्याच्या १० टक्क्यांपेक्षा थोडा कमी होता. २००० पर्यंत तो सुमारे २९ टक्क्यांवर गेला. हे यश लहान नाही आणि त्यामागे लक्षावधी सामान्य कुटुंबांचे रोजचे कष्ट आहेत, हे मी मनापासून मान्य करतो.

तरीही याच काळात झालेल्या दुसऱ्या काही गोष्टी सोबत ठेवून पाहिल्या पाहिजेत. आयस्लिप ज्या सफोक काउंटीत येते, तिने १९८८ मध्ये पॉलिस्टायरिन आणि पीव्हीसी या प्लास्टिकच्या खाद्यवेष्टनांवर बंदी मंजूर केली. स्वतःच्या अंगणातून निघालेल्या बार्जपासून धडा घेऊन एका स्थानिक संस्थेने कचऱ्याऐवजी वस्तूवरच हात ठेवला होता. प्लास्टिक उद्योगाच्या संघटनेने तिला न्यायालयात आव्हान दिले आणि अंमलबजावणी रखडली. त्याच १९८८ मध्ये त्याच उद्योगसंघटनेने प्लास्टिकच्या वस्तूंवर बाणांच्या त्रिकोणात एक ते सात असे आकडे छापण्याची पद्धत आणली. तो आकडा प्लास्टिकचा प्रकार सांगतो. ती वस्तू पुन्हा वापरात येईल असे तो सांगत नाही, पण बाणांचा त्रिकोण पाहून बहुतेकांनी तसाच अर्थ घेतला. २०१८ मध्ये अमेरिकेत निर्माण झालेल्या प्लास्टिक कचऱ्यापैकी फक्त ८.७ टक्के पुनर्चक्रीकरणाला गेले.

विल्हेवाटीच्या उद्योगात झालेला बदल तर आणखी महत्त्वाचा होता. केंद्र सरकारने क्षेपणभूमीच्या तळाला अस्तर, झिरपणारे पाणी गोळा करण्याची व्यवस्था आणि बंद केल्यानंतरही देखरेख यांचे नियम १९९१ मध्ये कडक केले. छोट्या गावांना हा खर्च झेपणारा नव्हता. १९८८ मध्ये देशात जवळपास ७,९०० क्षेपणभूमी होत्या. २००२ पर्यंत १,८०० च्या आत आल्या. उरलेल्या अवाढव्य होत्या आणि त्यांपैकी अनेक मोठ्या खासगी कंपन्यांच्या ताब्यात होत्या. पाण्याच्या दृष्टीने हे निश्चितच सुधारलेले चित्र आहे. परंतु आता गावाचा कचरा गावाच्या वेशीवर न राहता शेकडो किलोमीटर दूर जाऊ लागला. फ्रेश किल्स २००१ मध्ये बंद झाली आणि न्यूयॉर्क शहराचा कचरा रेल्वे, ट्रक आणि बार्ज यांमधून पेनसिल्वेनिया, व्हर्जिनिया अशा राज्यांत जाऊ लागला. हॅरल्सनची योजना मूळ रूपात हीच होती. १९८७ मध्ये जी गोष्ट लाजिरवाणी ठरली, ती पंधरा वर्षांत नियमित व्यवसाय झाली. फरक इतकाच की करार आधी होऊ लागले, पत्ता आधी ठरू लागला, आणि म्हणून तो कचरा पुन्हा दिसेनासा झाला.

गासड्यांना पुन्हा गिऱ्हाईक मिळेना

पुनर्चक्रीकरणासाठी गोळा केलेले प्लास्टिक आणि कागद यांच्याही गासड्याच बांधल्या जातात. १९९० नंतर अशा गासड्यांचा मोठा हिस्सा जहाजांतून चीनला जाऊ लागला. चीनहून माल भरून आलेले कंटेनर परतताना रिकामे जात, त्यामुळे भाडे स्वस्त पडत असे, आणि तिथे निवडणी हाताने करणारे मजूर कमी पगारावर मिळत. १९९२ पासून जगातील प्लास्टिक कचऱ्याच्या सुमारे ४५ टक्के आयात एकट्या चीनने केली. जानेवारी २०१८ मध्ये चीनने २४ प्रकारच्या टाकाऊ मालावर बंदी घातली आणि इतर मालात भेसळीची मर्यादा ०.५ टक्क्यांवर आणली. घरातून निघालेल्या मिश्र कचऱ्याला, त्यात खरकटे आणि ओलावा असताना, ही मर्यादा पाळणे जवळजवळ अशक्य होते.

गोदामांत गासड्यांचे ढीग लागले. काही जहाजे मलेशिया, थायलंड, व्हिएतनामकडे वळली आणि त्या देशांनीही लवकरच निर्बंध घातले. फिलाडेल्फिया शहराने २०१९ च्या सुरुवातीला नागरिकांनी निवडून दिलेल्या पुनर्वापरयोग्य मालापैकी सुमारे निम्मा माल भट्टीत पाठवला. ज्या नागरिकांनी डबे धुऊन, झाकणे वेगळी करून, ठरलेल्या वारी ठरलेल्या पेटीत टाकले होते, त्यांच्या श्रमांचा तो अपमान होता. मोब्रोवर लावलेल्या फलकाने सुचवलेला उपाय तीस वर्षे निष्ठेने राबवला गेला होता, आणि तरीही गासडी, नकार, भट्टी आणि राख हा क्रम परत आला. पुनर्चक्रीकरण व्यर्थ आहे असा याचा अर्थ मी घेत नाही. ॲल्युमिनियमचा डबा वितळवून नवा डबा करण्यात ऊर्जेची मोठी बचत होते आणि पुठ्ठ्याचा पुनर्वापर सर्रास यशस्वी होतो. अडचण अशी की वस्तूची रचना करणाऱ्यावर काहीही बंधन न घालता तिच्या अंताची सारी जबाबदारी शेवटच्या हातावर टाकली गेली, आणि तो हात माल निवडू शकतो, पण मालाचे प्रमाण ठरवू शकत नाही.

हे प्रमाण आजही तपासून पाहता येते. २०१८ मध्ये अमेरिकेचा नागरी कचरा २९ कोटी २० लाख टन होता आणि त्यात वेष्टने व डबे-बाटल्या यांचाच वाटा २८ टक्क्यांचा होता. वेष्टन बनवणाऱ्यांनी त्याच्या विल्हेवाटीचा खर्च उचलावा, आणि वेष्टन जितके अवघड तितका तो खर्च अधिक असावा, असा कायदा मेन राज्याने जुलै २०२१ मध्ये केला. वेष्टनांबाबत असा कायदा करणारे ते अमेरिकेतील पहिले राज्य. पुढच्याच महिन्यात ऑरेगनने तसाच कायदा केला. ज्या बंदरातून मोब्रो निघाला त्या न्यूयॉर्क राज्यात, वेष्टनांचे प्रमाणच कमी करायला लावणारे आणि खर्च उत्पादकांवर टाकणारे विधेयक जून २०२४ मध्ये सिनेटने मंजूर केले. त्या अधिवेशनात विधानसभेत ते मतदानाला आले नाही, आणि वेष्टनांच्या विल्हेवाटीचा खर्च नगरे करदात्यांकडूनच भरून घेत राहिली.